अंपाबाईची लेक

नव्हती? असं कसं म्हणता ताई, नव्हती म्हणजे — अहो, होती! अंपाबाईला एक लेक होती, ल्हानपणीच वारली, सात-आठ वर्षांची असंल. तुमच्या त्या वहीत काय लिहिलंय मला मालूम नाय, पण मी सहा वर्षं झाली त्या पोरीचं पान वाढते. सर्वपित्रीला, वर गच्चीवर — खीर, पोळी, कढी, गवारीची भाजी, सगळं साग्रसंगीत. आत्ता दसऱ्याच्या आधी वाढलं की! जी पोरगी जन्मलीच नाय तिला कुणी जेवू घालतं का? बसा, उठू नका, चहा ठेवलाय. तुम्ही पुण्याहून आल्या, तिकडं स्पेनात कुणी बाई आमच्या अंपाबाईवर पुस्तक लिहू राहिली, तुम्हाला तिची भाषा येते म्हणून इथली माहिती गोळा करायला तिनं तुम्हाला धाडलं — सांगितलं तुम्ही फोनवर ते सगळं. अंपाबाई संक्रांतीच्या आधी गेली हेही मला तुमच्याच फोननं कळलं, आठ दिवस झाले त्याला. दोन सालं आली नाय तर मी खोली तशीच झाडून-पुसून ठेवलेली, भाडेकरू ठेवला नाय. मी तुम्हाला या म्हणलं, वाटलं चला, तिच्याबद्दल बोलायला कुणीतरी आलं. पण चारुताताई, असं आल्या-आल्या, पाणी प्यायच्या आधीच, 'त्यांना मूलबाळ नव्हतं' — असं नका बोलू.

लिहायचं तर नीट लिहा. नाव अंपारो लांदेता. या गल्लीत ते कुणाला झेपलं नाय, भामाबाई भाजीवालीनं पहिल्याच दिवशी तिची अंपाबाई करून टाकली, आणि तिलाही ते आवडलं असावं, कारण पुढं पुढं स्वतःच सांगायची — मी अंपाबाई. बारा वर्षांखाली आली. अजिंठा बघायला आली होती म्हणं, हॉटेलात ताप भरला, तिथला मॅनेजर आमच्या यांच्या ओळखीचा — आमचे मालक एसटीत कंट्रोलर होते, सगळ्या औरंगपुऱ्यात ओळखी — तो म्हणला बाईला चार दिवस घरचं जेवण पाहिजे, वरची खोली रिकामी हाय का. चार दिवसांचे चार महिने झाले. मग दरसाल. गणपती उठले की यायची, होळीच्या आत जायची. परदेशी माणूस ठेवलं की पोलिसांकडं फारम भरावा लागतो, त्यात धंदा काय म्हणून रकाना असतो, तिथं तिनं लिहिलं — टीचर. मी म्हणलं असंल. दिसायचीच मास्तरीणबाई, ताठ, पाठ कधी भिंतीला टेकवली नाय. एकटीच बसायची गच्चीवर खुर्ची टाकून, तासन् तास. मी एकटी नव्हते तेव्हा, हे होते, मला तिची कीव यायची. आता मीच त्या खुर्चीत बसते.

टीचर नाय हे कसं कळलं ते सांगते. एकदा म्हणली चल, वेरूळ. सगळी जिंदगी या शहरात गेली माझी, पण वेरूळला मी घृष्णेश्वरापुरतीच गेलेली — लेणी कोण बघतं? तिथं कैलासात उभ्या होतो तर तिच्याच मुलखाची टोळी आली, तीस-चाळीस म्हातारे-म्हाताऱ्या, डोक्यावर टोप्या. त्यातली एक हिच्याकडं बघते, बघते, आणि किंचाळलीच! सगळे धावले. मला वाटलं चोरीबिरीचा आळ आला की काय. तर ते हिचे हात धरू राहिले, एक बाप्या तर चक्क डोळे पुसू राहिला. आणि ती पहिली बाई हिला काहीतरी मागू लागली, हात जोडून, ल्हान लेकरासारखा हट्ट. अंपाबाई नको नको म्हणली. मग एकदम खांदे पाडले, मान अशी कलती केली — आणि ताई, डोळ्यांतून पाणी! धारा! कशामुळं? कशामुळंच नाय. समोर दगडाचा हत्ती, आणि ही रडू राहिली. आवाज नाय, हुंदका नाय, नुसतं पाणी. त्या लोकांनी टाळ्या वाजवल्या, फोटो काढले. मी गर्दीच्या बाहेर, तिची पाण्याची बाटली धरून. परत येताना रिक्षात बसली, माझ्याच पदरानं तोंड पुसलं आणि म्हणली, 'बास.' एवढं मराठी तिला पहिल्यापासून यायचं.

त्या टोळीबरोबर एक गाईड होता, इथलाच, छावणीतला, त्यांची भाषा फाडफाड बोलायचा. तो मला बाजूला घेऊन म्हणला, मावशी, तुमच्या माडीवर कोण राहतं मालूम हाय का? ही पडद्यावर रडली की तिचा आख्खा देश रडायचा. घरी येऊन यांना सांगितलं तर हे म्हणले, मग भाडं वाढवू या का! — तसे होते आमचे हे. मी काही वाढवलं नाय. पण त्या दिवसापासून मी वर जाऊन बसू लागले, आणि तीही बोलू लागली. बोलणं म्हणजे काय — तिचं हिंदी माझ्या इंग्लिशसारखं. पण तिला बोलावं लागतच नव्हतं, ती करून दाखवायची. जन्मच तिचा नाटकाच्या कंपनीत, गावोगाव फिरतीवर. माय नटी. बापाचं काम लई विचित्र. तिकडं म्हणं स्टेजच्या तोंडाशी जमिनीत खड्डा असतो, त्यात माणूस बसतो हातात वही घेऊन, डोकं तेवढं वर, तेही लोकांना दिसत नाय, नटालाच दिसतं. नट अडला की खालून हळूच शब्द पुरवायचा. हे मला कसं कळलं? आमच्या जिन्याच्या चार पायऱ्या उतरली, डोकं तेवढं गच्चीच्या वर ठेवलं, आणि तिथून कुजबुजली. मी हसून हसून बेजार! तर त्या खड्ड्यात, बापाच्या पायाशी, ही तान्हेपणी निजायची.

चार वर्षांची असताना पहिलं काम केलं. लढाई होऊन गेलेली, उपासमारीचे दिवस, लोक तिकिटाच्या बदल्यात बटाटे द्यायचे. मग पिक्चर. तेविसाव्या वर्षी एका पिक्चरात मायचं काम केलं आणि ते इतकं चाललं, इतकं चाललं, की मग दुसरं काम कुणी देईचना. ज्या हिरोबरोबर नाचायचं वय, त्याची माय! चाळीस-पन्नास पिक्चर केले, सगळ्यांत रडली. मधे तिथं एक हुकूमशहा होता, त्याच्या समारंभात कविता म्हण म्हणले, ही म्हणली घसा बसलाय. मग त्यांनी सहा वर्षं तिचा घसा बसलेलाच ठेवला — एक पिक्चर मिळू दिलं नाय. रेडिओवर बोलायची, नाटकं करायची, दिवसाला दोन-दोन खेळ. दोन नवरे केले, दोन्ही सोडले. हे सगळं तुमच्या वहीत हाय ना? हां. मग ते असंल का — एक्काहत्तराव्या वर्षी भर नाटकात तिला वाक्य आठवलं नाय. तिनं खाली बघितलं, तर खड्डा नाय. नव्या थेटरात ठेवतच नाय म्हणं तो. किती वेळ उभी राहिली असंल? तिनं मला उभं राहून दाखवलं. ताई, खाली कुणाच्या तरी कुकरच्या तीन शिट्ट्या झाल्या, तोवर ती तशीच जमिनीकडं बघत उभी. मला भ्या वाटायलं. नंतर ती स्टेजवर चढली नाय, इकडं निघून आली. इथं तिला कुणी ओळखत नव्हतं, कुणी रड म्हणत नव्हतं. इथं ती माझ्यासंगं गवार निवडायची.

हां, लेकीचं. येते ना, लेकीवरच येते. लॉकडाऊन लागलं त्या साली मीच म्हणलं होतं होळीला थांबा, पुरणपोळी खाऊन जा — आणि अडकली. विमानं बंद, गल्ली बंद, भामाबाई बंद. हे जाऊन दोन वर्षं झालेली. दोघी म्हाताऱ्या, खाली मी, वर ती, मग चार दिवसांनी दोघी वरच. सगळा उन्हाळा, सगळा पावसाळा. सर्वपित्रीच्या आदल्या दिवशी मी तांदूळ निवडत होते तर तिनं विचारलं, हे कुणासाठी. आणि मी सांगितलं. माझीही — पेन खाली ठेवा ताई. हे लिहू नका. माझी दीपमाला. माझीही लेक गेलेली. म्हणजे — मेली नाय. पळून गेली. दुसऱ्या जातीतला पोरगा, शेंद्र्याला कंपनीत कामाला. आमची भावकी कन्नडची, मोठं खटलं, इज्जतीला जपणारी माणसं. यांनी तिच्या नावानं आंघोळ केली, डोकं भादरलं, आणि त्या सालापासून तिचं पान. सर्वपित्रीला का? ज्याची तिथी मालूम नाय त्याचं सर्वपित्रीला करतात — जित्या माणसाची तिथी कुठून आणायची? मी वाढायची, यांच्यामुळं. हे गेल्यावरही वाढत राहिले, यांनी घातलेली रीत म्हणून. माझं काय त्यात?

तर हे सगळं मी अंपाबाईला सांगितलं, मराठीतच सांगितलं, सुरू झाले ती थांबताच येईना, लई रडले. तिनं मला हात लावला नाय, उगी म्हणली नाय. उठली. पुढ्यात कुणी बसलंय असं धरून मागं बसली आणि हवेतच केस विंचरू लागली. फणी ओढली. गुंता लागला तिथं थांबली, पोरीला दुखू नये म्हणून आपण केस मुळाशी धरतो ना, तसे धरले, सोडवला. तीन पेडांची वेणी घातली, रिबीन बांधली. मग ते डोकं दोन्ही हातांत घेतलं आणि खाली ठेवलं — उशीवर ठेवतात तसं, हळूच. मला कळलं. अहो, कुणालाही कळलं असतं! मी विचारलं, तुमची? लई वेळ बघत राहिली माझ्याकडं. मग मान हलवली — व्हय. मग उठली, जिन्याचं दार मी लावून घेतलेलं, मच्छर घरात उतरतात म्हणून, ते सताड उघडलं आणि धरून उभी राहिली. मला वाटलं दमली, निजायला चल म्हणते.

दुसऱ्या दिवशी मी दोन पानं वाढली. तिला दाखवलं — हे माझ्या पोरीचं, हे तुमच्या. ती पानापुढं वाकली. मग हात जोडले. आता गल्लीत कावळे राहिलेत कुठं, सगळी कबुतरं, आम्ही आपल्या उन्हात वाट बघत. तर ती कठड्यापाशी गेली आणि अशी काव काव केली, अशी केली, त्या म्हातारीच्या गळ्यातून — बंद गल्लीतली सगळी दारं उघडली! शिपाई काठी घेऊन आला! मी तिला खाली ओढू राहिले, आणि दोघी हसू राहिलो, पानापाशी, हसायचा दिवस नाय तरी. किती वर्षांनी हसले मी. माझ्यासारखी दुसरी एक हाय, एवढं कळलं ना, की माणसाला —

काय? फोनमधे हाय? काय हाय, पिक्चर? तेच, तेविसाव्या वर्षीचं? दाखवा. थांबा, चष्मा. — ही? ही अंपाबाई? अगं माय, किती कोवळी! केस बघा. आणि ही ल्हानी कोण, ही पोरगी, डोळे मिटून — फणी. ही फणी घेतली बघा तिनं. गुंता. तसंच धरलं! मुळाशी — आता वेणी घालंल, तीन पेड — रिबीन. डोकं ठेवलं.

बंद करा.

म्हणजे नाटक. माझ्यासमोर नाटक केलं तिनं. मी माझी खरी लेक काढून तिच्यापुढं ठेवली, आणि तिनं मला पिक्चर दाखवलं! वेरुळात त्या लोकांना दाखवलं तसं. सहा वर्षं, ताई, मी त्या पोरीला खीर वाढली, तिच्यासाठी कमी गोड करायची, गोऱ्या लोकांना गोड जास्त चालत नाय म्हणून. तिनं मान हलवली ती कशाला? विसरली होती का? तुम्हीच फोनवर म्हणल्या ना, शेवटी शेवटी तिचं डोकं चालत नव्हतं. पण माझ्यापाशी चालत होतं. मला माहीत हाय चालत होतं. का तिला वाटलं ही बाई रडू राहिली, हिला आपल्यापाशी द्यायला दुसरं काय हाय? — लावा. परत लावा ते. डोकं ठेवलं तिथून पुढं. आता उठून दार उघडते ना? नाय? पडली. रडते. — संपलं? एवढंच? दार नाय? नीट बघा, पुढं-मागं कुठं असंल. गच्चीवर तर उघडलं होतं. धरून उभी राहिली होती, हात असा जिन्याकडं करून. ते पिक्चरमधलं नाय?

ताई, मघाशी मी खोटं बोलले. आंघोळ यांनी केली, खरं हाय. पण हे गेले त्या दिवशी ती आली होती. त्या तिथं, फाटकाशी. पोटुशी, सातवा तरी असंल. आख्खी भावकी ओट्यावर. सांडूभावजी, यांचे धाकटे भाऊ, तेसुद्धा म्हणले, वहिनी, येऊ द्या, बापाचं तोंड बघू द्या. आणि मी उठले, मी, माझ्या पायांनी चालत गेले आणि फाटकाची कडी घातली. म्हणलं, आमची लेक वारली, ही कोण बाई? मला कुणी सांगितलं नव्हतं. हे तर मेलेले होते, हे काय सांगणार! मला सगळ्यांसमोर पक्कं राहायचं होतं. ती उन्हात उभी राहिली, मग गेली. हे मी जगात फक्त अंपाबाईला सांगितलं. कडी कशी घातली ते हातानं करून दाखवलं तिला. आणि तिनं उठून ते दार उघडलं.

पाच वर्षं मला वाटलं, निजायला चल म्हणते. का मीच आता जोडू राहिले? उकडत असंल तिला, काय मालूम. असती तर विचारलं असतं. पण मग एक सांगा — तिची पोरगी नव्हतीच, तर मी आता तिकडं कुणाला पान वाढू? दोघी मेलेल्या होत्या ना, तर माझं मन मानायचं, एकमेकींना सोबत हाय म्हणायची मी. आता एक तर झालीच नाय. आणि दुसरी करमाडला राहते, जालना रोडनं गेलं तर तास लागत नाय.

भामाबाई करमाडहूनच येते भाजी घेऊन. चार वर्षांखाली तिनं दीपमालाचा नंबर आणून दिला. कागद फेकून दिला मी, पण त्याच्या आधी पाठ केला. तुमच्या फोनवरून लावा, माझा नंबर बघून उचलणार नाय. मी सांगते, तुम्ही दाबा. — लागला? वाजू राहिला. नका, नका ठेवू. द्या इकडं. मोठ्यानं करा आवाज.

हॅलो. — हॅलो, कोण? — दीपमाला हाय का तिथं? — पोळ्या करू राहिली? असू दे, असू दे, बोलवू नको. तू कोण? — संस्कृती. कितवीला हायेस गं? — दुसरीला. मोठी झालीस की. — मी? मी — आजी बोलते. — आजी. तुझ्या मम्मीची आई. — हां? आजी वारली? — कधी? — तू व्हायच्या आधीच? देवाघरी? कुणी सांगितलं तुला? — मम्मीनं. — व्हय का. — नाय, नाय बाळा, मम्मी खोटं बोलत नसती. माझाच राँग नंबर लागला. — नाय गं, रागावले नाय. जेवलीस का तू? — मग जेव. गरम गरम जेव. —

ठेवला.

ऐकलं का तुम्ही? मागून ती बोलली — 'कोणंय गं?' दीपमाला. कोणंय गं म्हणली ना? तव्याचाही आवाज येत होता. — नका लावू परत. लावू नका म्हणलं ना! काय बोलू मी तिच्याशी? मी तिला दहा वर्षं घास ठेवले, तिनं मला एका शब्दात मारलं, बरोबर केलं तिनं. माझ्या हातची शिकली. चहा राहू द्या, गार झाला असंल. उठा तुम्ही, रिक्षा कोपऱ्यावर मिळंल. काय म्हणता? नाय, काही म्हणू नका ताई, आत्ता काही बोलू नका. कोणंय गं, एवढंच ऐकलंय मी सात वर्षांत, ते अजून कानात हाय, तुम्ही बोलल्या की जाईल. जावा. न बोलता जावा.